लिंकनचं सगळ्यात मोठं भाषण कोणतं? (माझं मत : गेटिसबर्ग नव्हे)

गोदाकाठ | शुक्रवार, रात्री ९:४०

लिंकनची भाषणं म्हटलं की आपली गाडी 'लोकांचे, लोकांनी, लोकांसाठी' या स्टेशनावर थांबते आणि तिथूनच यार्डात जाते.

हे शब्द ज्यातले, ते गेटिसबर्गचं भाषण वाईट आहे असं म्हणण्याइतका मी वेडा नाही. पण बघा, प्रसंग अमेरिकेच्या उत्तर-दक्षिण यादवी युद्धातला, गेटिसबर्गच्या लढाईत पडलेल्या सैनिकांची दफनभूमी अर्पण करण्याचा. १९ नोव्हेंबर १८६३ ला समोर उभी असलेली माणसं उत्तरेकडची, दफनभूमीतले सैनिक उत्तरेकडचे आणि भाषणाचा सूर असा की हे फुकट मेले नाहीत, यांचं उरलेलं काम आपण पुरं करू. हे ऐकायला कुणाला नको असेल? त्या अख्ख्या भाषणात गुलामगिरी हा शब्दसुद्धा येत नाही.

आता ४ मार्च १८६५ घ्या. दुसरा शपथविधी. चार वर्षांचं यादवी युद्ध जिंकल्यात जमा होतं. सहा लाखांच्या आसपास माणसं मेली होती. गर्दीला विजयाचं भाषण हवं होतं, दक्षिणेला कसा धडा शिकवला ते ऐकायचं होतं. आणि हा माणूस सातशे शब्दांत काय सांगतो? दोन्ही बाजू एकच बायबल वाचतात, एकाच देवाला एकमेकांविरुद्ध साकडं घालतात, आणि देवाने कुणाचंच पुरतं ऐकलेलं नाही. पुढे तर कहर. हे युद्ध गुलामगिरीच्या पापाची शिक्षा आहे आणि ती उत्तर-दक्षिण दोघांनाही मिळते आहे. अडीचशे वर्षं गुलामांना फुकट राबवून जमवलेली दौलत बुडेपर्यंत, चाबकाने सांडलेल्या रक्ताच्या थेंबाथेंबाची भरपाई तलवारीने होईपर्यंत हे युद्ध चालावं अशी देवाची इच्छा असेल, तर त्याच्या न्यायाला बोल लावता येणार नाही. हे सगळं झाल्यावर मग ते प्रसिद्ध वाक्य, कुणाविषयी आकस नको, सर्वांविषयी सद्भाव असू दे.

नुकतंच निवडून दिलेल्या लोकांसमोर, ऐन विजयाच्या तोंडावर, 'पापात तुमचाही वाटा आहे' म्हणणारा दुसरा पुढारी दाखवा.

तर प्रश्न असा : तुमच्या मते लिंकनचं सर्वोत्तम भाषण कोणतं आणि का? 'सगळीच छान' चालणार नाही.

ठोंब्या | रात्री ९:४४

सगळीच छान. (पळतो)

शेवंती | रात्री १०:२०

गोदाकाठ, गेटिसबर्गला तुम्ही फारच स्वस्तात काढलंत. त्या दिवशीचं मुख्य भाषण लिंकनचं नव्हतंच. मुख्य वक्ते एडवर्ड एव्हरेट. हार्वर्डचे माजी अध्यक्ष, मॅसॅच्युसेट्सचे माजी गव्हर्नर, त्या काळातले नामांकित वक्ते. समारंभ आधी २३ ऑक्टोबरला ठरला होता. एव्हरेटना तयारीला वेळ हवा म्हणून तो जवळजवळ महिनाभर पुढे ढकलला! ते दोन तास बोलले, तेही पाठ करून. त्यांनी प्राचीन ग्रीसपासून सुरुवात केली, तीन दिवसांच्या लढाईचा तपशील दिला, दक्षिणेवर दोषारोप केले.

त्यानंतर लिंकन उठला, दोन-तीन मिनिटं बोलला आणि बसला. सुमारे २७० शब्द. त्यात एकाही सेनापतीचं नाव नाही, गेटिसबर्गचं नाव नाही, शत्रूचाही उल्लेख नाही. आता यातली मेख बघा. 'सत्याऐंशी वर्षांपूर्वी' अशी सुरुवात केली की वजाबाकी करून १७७६ येतं, म्हणजे स्वातंत्र्याचा जाहीरनामा. राज्यघटना नव्हे. का? घटनेत गुलामगिरीला जागा होती, जाहीरनाम्यात 'सर्व माणसं समान निर्माण झाली' हे वाक्य होतं. देशाचा जन्म कधी झाला हेच त्याने एका वाक्यात स्वतःच्या बाजूने ठरवून टाकलं. गुलामगिरी हा शब्द नाही हे खरं, पण त्याची गरजच कुठे उरली?

दुसऱ्या दिवशी एव्हरेटनी त्याला पत्र पाठवलं, की तुम्ही दोन मिनिटांत प्रसंगाच्या गाभ्याशी जितके पोचलात, तितका मी दोन तासांत पोचलो असं म्हणता आलं तर मला धन्यता वाटेल. हरलेल्या वक्त्याने इतकं उमदेपणाने कुठे लिहिलंय?

आबा | रात्री १०:३५

आमच्याकडे गणेशोत्सवात प्रमुख पाहुणे 'मी फक्त दोन शब्द बोलणार आहे' म्हणाले की बाया शांतपणे उठून कुकर लावायला जायच्या. तीन शिट्ट्या होऊन परत आल्या तरी पाहुणे पहिल्या शब्दावरच. लिंकन हा जगातला एकमेव पाहुणा, ज्याला चार शब्द बोला म्हटलं आणि तो खरंच चारच बोलला.

शेवंती | रात्री १०:३९

आबा 😀 आणि गंमत म्हणजे निमंत्रणात अक्षरशः तेच होतं. डेव्हिड विल्स नावाच्या स्थानिक वकिलाने लिहिलं होतं की मुख्य भाषण झाल्यावर आपण काही समयोचित शब्द बोलून भूमी अर्पण करावी. आपल्या पत्रिकेत आभारप्रदर्शनाच्या अलीकडची जी जागा असते ना, ती राष्ट्राध्यक्षांच्या वाट्याला आली होती.

रानवारा | रात्री ११:०२

हे भाषण त्याने आगगाडीत जुन्या पाकिटाच्या पाठीवर खरडलं होतं म्हणे. अलौकिक प्रतिभा, दुसरं काय!

शेवंती | रात्री ११:१५

पाकिटाची गोष्ट दंतकथा आहे, रानवारा. आज त्याच्या हातच्या पाच प्रती उपलब्ध आहेत. पहिल्या दोन त्याच्या चिटणिसांकडे राहिल्या, जॉन निकोले आणि जॉन हे या दोघांकडे. बाकी तीन त्याने नंतर मागणीवरून लिहून दिल्या. पाचही प्रतींत बारीकसारीक फरक आहेत. 'देवाच्या छत्राखाली' अशा अर्थाचे शब्द पहिल्या दोन प्रतींत नाहीत, वर्तमानपत्रांच्या वार्तांकनात आणि नंतरच्या तिन्ही प्रतींत आहेत. म्हणजे ते त्याने बहुधा उभ्या उभ्या घातले. निकोले प्रतीचं पहिलं पान तर राष्ट्राध्यक्षांच्या निवासाच्या छापील कागदावर शाईने लिहिलेलं आहे. हलत्या गाडीत शाई आणि इतकं नेटकं अक्षर?

मृद्गंध | रात्री ११:३०

वाचनखूण साठवली. उद्या सविस्तर लिहिते.

दूरदेशी | शनिवार, सकाळी ६:५०

मी पेनसिल्वेनियातच राहतो, गेटिसबर्गला पाहुण्यांना घेऊन जावंच लागतं. बहुतेक पाहुणे तोफांसमोर फोटो काढतात आणि आउटलेट मॉलला चला म्हणतात. पण त्या दफनभूमीत एकदा सावकाश फिरा. मधल्या स्मारकाभोवती अर्धवर्तुळात कबरींच्या रांगा आहेत, राज्यांप्रमाणे. उभे दगड नाहीत, जमिनीलगत ग्रॅनाइटच्या लांब पट्ट्या आणि त्यांवर ओळीने कोरलेली नावं. सेनापती असो की साधा शिपाई, जागा सारखीच. आणि टोकाला गेलात की पट्ट्या संपतात, छोटे चौकोनी संगमरवरी ठोकळे सुरू होतात. त्यांवर नुसते आकडे. हे बेवारस. त्यांचं नाव सोडाच, राज्यही कळलं नाही. तिथे पुरलेल्या साडेतीन हजारांहून जास्त सैनिकांपैकी साधारण एक हजार असे आहेत.

लिंकन बोलला तेव्हा निम्मी प्रेतंसुद्धा तिथे आणून पुरलेली नव्हती, काम चालू होतं. जुलैतली लढाई, दोन्हीकडचे मिळून पन्नास हजारांच्या घरात मेलेले, जखमी आणि बेपत्ता, आणि गाव जेमतेम अडीच हजार वस्तीचं. दक्षिणेच्या सैनिकांना या दफनभूमीत जागा नव्हती. तो मुद्दा गोदाकाठ यांच्या बाजूने जातो.

चहाबाज | सकाळी ८:१०

पण लोकांना ते आवडलं नव्हतं ना? कुठल्याशा पेपरने शिव्या घातल्या होत्या.

दूरदेशी | सकाळी ८:३२

हो, आमच्या राज्याची राजधानी हॅरिसबर्ग, तिथल्या पेपरने 'राष्ट्राध्यक्षांची ती खुळचट वाक्यं विस्मृतीच्या पडद्याआड जावोत' असं लिहिलं. २०१३ मध्ये, दीडशे वर्षं होताना, त्याच पेपरच्या वारसदार दैनिकाने तो अग्रलेख मागे घेतला. आपल्या पेपरवाल्यांनाही अजून आशा आहे. बाकी तेव्हा मतं पक्षानुसार होती, लिंकनच्या पक्षाच्या पेपरांनी वाखाणलं.

तारीख_पे_तारीख | सकाळी ९:४५

तुम्ही सगळे भावनेच्या भाषणांत अडकलात. मी वकील आहे, माझं मत कूपर युनियन या संस्थेच्या सभागृहात केलेल्या भाषणाला. २७ फेब्रुवारी १८६०, न्यूयॉर्क. तोवर हा माणूस पश्चिमेकडचा एक हरलेला उमेदवार. आवाज चिरका, उंच पट्टीचा, कोट प्रवासात चुरगळलेला. न्यूयॉर्ककर तिकीट काढून बघायला आले होते.

प्रश्न असा होता, की नव्या प्रदेशांत गुलामगिरीला बंदी घालण्याचा अधिकार केंद्र सरकारला आहे का? लिंकनचे राजकीय प्रतिस्पर्धी स्टीफन डग्लस म्हणत होते, घटनाकारांना हा प्रश्न आपल्यापेक्षा चांगला कळत होता. लिंकन म्हणाला, मान्य, चला तपासू. आणि मग त्याने घटनेवर सह्या करणारे ३९ जण एकेक करून घेतले. कुणी कुठल्या ठरावावर काय मत दिलं ते जुनी दप्तरं उपसून काढलं. ३९ पैकी २१ जणांनी, म्हणजे स्पष्ट बहुमताने, केंद्राला तो अधिकार आहे असं धरूनच मतदान केलं होतं. समोरच्याचंच वाक्य घ्यायचं आणि पुराव्यानिशी त्याच्यावरच उलटवायचं, उलटतपासणी म्हणतात ती हीच! सात हजारांवर शब्द, एकही दागिना नाही. त्याच दिवशी मॅथ्यू ब्रॅडीने काढलेला फोटो आणि हे छापील भाषण गावोगाव गेलं, मे महिन्यात राष्ट्राध्यक्षपदाची उमेदवारी मिळाली. हे भाषण झालंच नसतं तर तुमचं गेटिसबर्गही नाही आणि शपथविधीही नाही.

ठोंब्या | सकाळी ९:५१

सात हजार शब्द? आबा, कुकर.

नांगरट | दुपारी १२:१५

आरती संपली असेल तर दोन गोष्टी सांगतो.

१८ सप्टेंबर १८५८, चार्ल्सटन, इलिनॉय. डग्लसबरोबरच्या सात वादसभांपैकी चौथी. लिंकन सुरुवातीलाच म्हणाला, गोऱ्या आणि काळ्या वंशांत सामाजिक-राजकीय समता आणावी या मताचा मी नाही आणि कधी नव्हतो. काळ्यांना मतदार करावं, ज्युरीत घ्यावं, गोऱ्यांशी त्यांची लग्नं व्हावीत, यातलं काहीही नको. श्रोत्यांनी टाळ्या वाजवल्या. हेही 'भाषण'च आहे, पण कुठल्याच स्मारकावर कोरलेलं नाही.

ऑगस्ट १८६२ मध्ये ग्रीली या संपादकाला जाहीर पत्र : एकही गुलाम मुक्त न करता संघराज्य वाचवता आलं तर मी तसं करीन. त्याच वर्षी डिसेंबरात मिनेसोटात डकोटा या मूलनिवासी जमातीच्या ३८ पुरुषांना एकाच दिवशी फाशी, लिंकनच्या सहीने. त्यामुळे 'सर्वांविषयी सद्भाव' वाचताना माझ्या डोळ्यांत पाणी वगैरे येत नाही.

शेवंती | दुपारी १:०५

नांगरट, चार्ल्सटनचं सगळं खरं आहे आणि त्यावर पांघरूण घालायचं कारण नाही. पण ग्रीलीच्या पत्राबाबत तारखा बघा. पत्र २२ ऑगस्टचं. गुलामांच्या मुक्तीच्या जाहीरनाम्याचा मसुदा त्याने मंत्रिमंडळाला २२ जुलैलाच वाचून दाखवला होता. म्हणजे खिशात मसुदा ठेवून तो पत्र लिहीत होता, काठावरच्या लोकांना पचावं म्हणून. डकोटांच्या बाबतीत लष्करी न्यायालयाने ३०३ जणांना मृत्युदंड दिला होता, त्याने कागद मागवून बहुतेकांचा रद्द केला. तरी ३८ उरतातच, हे मान्य.

नांगरट | दुपारी १:२०

खिशात मसुदा आणि तोंडात दुसरं. याला आमच्याकडे राजकारणी म्हणतात, संत नव्हे. एवढंच म्हणणं आहे.

तारीख_पे_तारीख | दुपारी १:२६

संत कोण म्हणालं? वरचे प्रतिसाद परत वाचा.

मृद्गंध | दुपारी ३:४०

भांडू नका, या भांडणाचा निकाल फ्रेडरिक डग्लसने देऊन ठेवलाय. (वादसभांमधला तो डग्लस वेगळा. हा स्वतः गुलामीतून पळालेला, पुढे मोठा वक्ता आणि संपादक.) दुसऱ्या शपथविधीच्या संध्याकाळी तो भेटायला गेला तर दारात पोलिसांनी अडवलं, काळ्या माणसाला आत सोडत नव्हते. लिंकनला निरोप गेला, मग प्रवेश. लिंकनने भरगर्दीत विचारलं, भाषण कसं वाटलं? डग्लस म्हणाला, तो एक पवित्र प्रयत्न होता. गोदाकाठ, हा तुमचा साक्षीदार.

पण हाच डग्लस १८७६ मध्ये वॉशिंग्टनला लिंकनच्या पुतळ्याच्या अनावरणाला, खुद्द राष्ट्राध्यक्ष ग्रँटसमोर म्हणाला, लिंकन हा मुख्यतः गोऱ्यांचा राष्ट्राध्यक्ष होता, आम्ही फार तर त्याची सावत्र लेकरं. आणि पुढे : खऱ्या गुलामीविरोधकाच्या जागेवरून बघाल तर लिंकन मंद, थंड, उदासीन वाटतो. पण त्याच्या देशाचं लोकमत बघून मोजाल तर तो वेगवान, आग्रही, जहाल होता. नांगरट आणि शेवंती, दोघांचे प्रतिसाद यात आले की नाही?

रानवारा | दुपारी ४:०५

याच काळात आपल्याकडे जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' लिहिलं, १८७३. अर्पणपत्रिका अमेरिकेतल्या लोकांना, गुलामांना दास्यातून सोडवल्याबद्दल. आपल्या देशबांधवांनी तो कित्ता गिरवून शूद्रांना मुक्त करावं, असं पुढे म्हटलंय. डग्लसचं 'सावत्र लेकरं' तीन वर्षांनंतरचं. पुण्यातून ते अमेरिकेकडे आशेने बघत होते आणि तिथला मुक्त माणूस हिशोब मांडत होता.

नांगरट | दुपारी ४:३०

हे आवडलं. फुल्यांनी अर्पणपत्रिकेत लिंकनचं नाव घातलेलं नाही, लोकांना अर्पण केलंय. माझ्या मते जाणूनबुजून.

चहाबाज | संध्याकाळी ५:१५

अवांतर : आमच्या शाळेत पायरीजवळ 'लिंकनचे हेडमास्तरांस पत्र' फ्रेम करून लावलं होतं. सगळीच माणसं न्यायप्रिय नसतात वगैरे. वक्तृत्व स्पर्धेत मी तेच म्हणून उत्तेजनार्थ मिळवलंय. त्याला भाषणांत धरायचं का?

शेवंती | संध्याकाळी ५:२२

ते पत्र लिंकनचं नाहीच. त्याच्या संग्रहित लेखनात कुठेही नाही. मराठी रूपांतर इतकं देखणं झालं की मूळ कुठाय हे विचारायचं कुणाला सुचलं नाही. महाराष्ट्रात लिंकनची जी एकच गोष्ट घरोघरी पोचली, ती त्याने लिहिलेलीच नव्हती.

आबा | संध्याकाळी ५:३०

चहाबाज, उत्तेजनार्थ परत करा.

चहाबाज | संध्याकाळी ५:३१

वाटीचा सेट होता. आई देणार नाही.

तारीख_पे_तारीख | संध्याकाळी ६:१०

आपल्याकडचा खरा धागा हवा तर २५ नोव्हेंबर १९४९ चं डॉ. आंबेडकरांचं संविधान सभेतलं भाषण काढा. शेवटाकडे ते लिंकनचं नाव घेऊन सांगतात, की घरातच फूट पडली तर ते घर फार काळ टिकत नाही. हे लिंकनच्या १६ जून १८५८ च्या स्प्रिंगफील्डच्या भाषणातलं, त्याने बायबलमधून घेतलेलं. लिंकनकडे संदर्भ होता निम्मा देश गुलाम आणि निम्मा मुक्त, बाबासाहेबांकडे दडपलेले वर्ग आणि त्यांच्यावर सत्ता गाजवणारे मूठभर.

आणि सगळ्यात शेवटी ते गेटिसबर्गचं सूत्र घेतात, पण त्याची फोड करून. लोक आता 'लोकांनी चालवलेल्या' सरकाराला कंटाळू लागलेत, 'लोकांसाठी' चालणारं सरकार मिळालं की त्यांना पुरे, ते लोकांचं आहे का आणि लोकांनी चालवलंय का याची फिकीर नाही, असा इशारा आहे. शाळेत आपण हे तिन्ही तुकडे एका दमात म्हणतो. बाबासाहेबांनी ते सुटे करून दाखवले.

गोदाकाठ | संध्याकाळी ७:००

वा! धागा काढल्याचं सार्थक झालं. पण मूळ प्रश्नाला बगल देऊ नका. दूरदेशी, तुम्ही मत दिलेलं नाही.

दूरदेशी | रविवार, सकाळी ७:२०

देतो. वॉशिंग्टनच्या लिंकन स्मारकात पुतळ्याच्या एका बाजूच्या भिंतीवर गेटिसबर्ग आहे, दुसऱ्या बाजूला तुमचं दुसऱ्या शपथविधीचं. गर्दी सगळी गेटिसबर्गपुढे, कारण ते एका नजरेत वाचून होतं. समोरच्या, उत्तरेच्या भिंतीवर एक मजा आहे. कारागिराने 'भविष्य' या अर्थाच्या इंग्रजी शब्दात 'एफ'च्या जागी 'ई' कोरला. मग खालची आडवी रेघ बुजवली, पण निरखून बघितलं तर अजून दिसते. पाहुण्यांची पोरं तीच शोधत बसतात, त्या निमित्ताने आजूबाजूच्या ओळी वाचून होतात. माझं मत त्या भिंतीला.

मृद्गंध | सकाळी ९:१०

माझं मत वेगळ्याच भाषणाला, आणि ते कुणीच घेतलं नाही. ११ एप्रिल १८६५. दोन दिवसांपूर्वी दक्षिणेचा सेनापती जनरल ली शरण आलेला. लोक वाजतगाजत राष्ट्राध्यक्षांच्या निवासाबाहेर जमले. लिंकन वरच्या खिडकीत आला, शेजारी एक पत्रकार दिवा धरून, वाचून झालेली पानं खाली पडत होती आणि धाकटा मुलगा टॅड ती गोळा करत होता. गर्दीला जल्लोष हवा होता, आणि याने काढलं काय, तर लुईझियाना राज्याची पुनर्रचना! रटाळ, कलमवार. पण त्यात मध्येच एक वाक्य आहे : काळ्यांपैकी जे फार बुद्धिमान आहेत आणि जे आपल्या बाजूने सैनिक म्हणून लढले, त्यांना मताधिकार मिळावा असं मला वाटतं. अमेरिकेच्या कुठल्याही राष्ट्राध्यक्षाने जाहीरपणे हे म्हणण्याची ती पहिलीच वेळ.

नांगरट, चार्ल्सटनच्या त्या वाक्यापासून इथपर्यंत सात वर्षंही झाली नव्हती.

गर्दीत जॉन विल्क्स बूथ उभा होता, दक्षिणेचा कट्टर समर्थक असलेला नट. हे याचं शेवटचं भाषण, असं तो सोबत्याला म्हणाला असं सांगतात. तिसऱ्या दिवशी रात्री फोर्ड नाट्यगृहात त्याने गोळी घातली. बूथ दुसऱ्या शपथविधीलाही हजर होता. रक्ताचा थेंब, तलवार, देवाचा न्याय, सगळं ऐकून तो घरी गेला. मताधिकाराच्या एका कोरड्या वाक्याने मात्र त्याने पिस्तूल काढलं.

नांगरट | सकाळी ९:४०

या भाषणाला माझं मत. लिंकनला पहिल्यांदाच देतोय.

गोदाकाठ | सकाळी १०:३०

मृद्गंध, प्रतिसाद जबरदस्त, पण मी हटणार नाही. ११ एप्रिलचं भाषण महत्त्वाचं आहे, मोठं नाही. ते मोठं केलं बूथने. दुसऱ्या शपथविधीचं त्याच्या आधारावाचून उभं आहे. लिंकनने स्वतः थर्लो वीड या पुढाऱ्याला लिहिलं होतं, की हे भाषण माझ्या इतर कशाइतकंच, कदाचित जास्तच टिकेल, पण ते लगेच लोकप्रिय झालेलं दिसत नाही. देवाचा आणि आपला हेतू एक नव्हता हे दाखवून दिलेलं माणसांना आवडत नाही.

मृद्गंध | सकाळी १०:४५

लेखकाला स्वतःचं कुठलं आवडतं हा पुरावा कधीपासून धरायला लागलो आपण? मताधिकार मिळालेल्या माणसाला विचारा मोठं कुठलं ते.

शेवंती | सकाळी ११:०५

आणि गेटिसबर्गचं उत्तर अजून कुणी दिलेलं नाही, नोंद असावी.

ठोंब्या | सकाळी ११:२०

मग निकाल काय लागला?

तारीख_पे_तारीख | सकाळी ११:२१

पुढची तारीख.